‘जाहिरातीत प्रयोग नसतो, ऑर्डर असते’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

भाऊ, अमेरिकन अ‍ॅनिमेशनकार जॉन हबली यांच्या ‘स्टोरीबोर्ड’ स्टुडिओवरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत, ‘जाहिरातीत प्रयोग नसतो, ऑर्डर असते. जळगावात बसून अमेरिकेतल्या दुकानदारांना कलावंत ठरवू नका. नुसते तांत्रिक शब्द फेकलेत.’ पुढे आणखी बरंच आहे. मतभेदाचं मला वावडं नाही, पण ‘जळगावात बसून’ हे कशासाठी? केकी मूस चाळीसगावच्या घरात, टेबलावर अख्खी दृश्यं रचून फोटो काढत. गावावरून समज मोजायची तर त्यांना कुठे बसवणार? असं बोलणं शोभत नाही.

एक मान्य. लेखात पैशांचा भाग मी दोन ओळींत उरकला. हबली १९५२ मध्ये ‘यूपीए’ या अ‍ॅनिमेशन स्टुडिओतून बाहेर पडले ते कम्युनिस्टविरोधी काळ्या यादीच्या दबावामुळे. १९५३ मध्ये काढलेला स्टुडिओ जाहिरातींवर चालला. जाहिरातीवर दिग्दर्शकाचं नाव येत नाही, म्हणून यादीतल्या माणसालाही ते काम मिळायचं. पोटासाठीच होतं. पण म्हणून त्यात प्रयोग नव्हता?

१९५६ ची ‘मेपो’ची जाहिरात घ्या. माल म्हणजे ओटची लापशी. त्यातल्या पोराचा आवाज हबलींच्या मुलाचा, मार्कचा. लहान मूल शब्द खातं, मध्येच थांबतं, भलत्याच ठिकाणी श्वास घेतं. मोठ्या माणसाने बारीक आवाज काढला की हे सगळं गुळगुळीत होतं. खऱ्या मुलाचा आवाज आधी रेकॉर्ड करून, फ्रेम-फ्रेम वाचून एक्सपोजर शीटवर, म्हणजे कुठल्या फ्रेमला कुठलं चित्र याच्या तक्त्यावर, उतरवावा लागतो. सेकंदाला २४ फ्रेम, मिनिटाला १४४०. एक चित्र दोन फ्रेम धरलं तरी ७२० चित्रं. ओठ आवाजाच्या फ्रेमभर आधी हलले तर चालून जातं, मागे पडले की लगेच खटकतं. त्यात तेव्हाचा टीव्ही छोटा, काळा-पांढरा. बारीक रेघ लुकलुकते, कडेचं चित्र चौकटीखाली जातं. म्हणून जाड रेघ, मोकळी पार्श्वभूमी, मधोमध मांडणी.

मुलांच्या खऱ्या बोलण्यावरच पुढे १९५९ चा ‘मूनबर्ड’ उभा राहिला. जॉन आणि त्यांची पत्नी फेथ हबली यांच्या या लघुपटाला ऑस्कर मिळालं. त्यात आकृतीभोवतीचा कागद काळा केलेला आहे, म्हणजे एकाच फिल्मवर दोनदा चित्रण करताना तो भाग उमटत नाही. अशा दुहेरी एक्सपोजरमध्ये आधी पार्श्वभूमी चित्रित करायची, शटर बंद ठेवून फिल्म त्याच फ्रेमपर्यंत मागे घ्यायची, मग तिच्यावरच आकृती घ्यायची. काळा रंग विरळ लागला की पार्श्वभूमी करडी पडते. कागद पेगवर, म्हणजे तो जागेवर धरणाऱ्या खुंट्यांवर, ढिला बसला की आकृती थरथरते. फ्रेम मोजणारा काउंटर एका फ्रेमने चुकला तर सबंध शॉट पुन्हा. प्रकाशात प्रकाश मिसळतो, त्यामुळे उजळ पार्श्वभूमीवर आकृती विरून जाते. गोष्ट रात्रीची आहे, ते या तंत्राला किती सोयीचं पडलं बघा! रोस्ट्रम कॅमेऱ्यावर, म्हणजे टेबलावरची चित्रं वरून टिपणाऱ्या कॅमेऱ्यावर, मी स्वतः काम केलेलं आहे, तेव्हा ‘शब्द फेकलेत’ हे तुमच्याकडून ऐकून घेणार नाही.

तुमचे बाकीचे मुद्दे, डिस्नेशी तुलना, माझं मराठी, लेखाची लांबी, यांत मी शिरत नाही. ‘मेपो’ आणि ‘मूनबर्ड’ लागोपाठ बघा, आधी आवाज बंद करून, मग नुसता आवाज ऐकून. तरीही पटलं नाही, तर कोणतं दृश्य खटकलं ते लिहा.