सा लाल नसतो!

‘सा म्हणजे लाल, नी म्हणजे जांभळा, सात सूर आणि इंद्रधनुष्याचे सात रंग ही एकच कंपने’ असा मजकूर व्हॉट्सॲपवर फिरतो आहे. कल्पित जगातल्या गोष्टीत सुराबरोबर आभाळ रंगलं तर मजाच. पण हे शास्त्र नव्हे.

ध्वनी हवेतली दाबाची लाट, प्रकाश विद्युतचुंबकीय. आपल्याला २० ते २०,००० हर्ट्झ (म्हणजे सेकंदाला इतकी कंपने) ऐकू येतात. लाल रंगच साधारण ४०० लाख कोटी हर्ट्झपासून सुरू होतो.

बरं, सुराची वारंवारिता दुप्पट-दुप्पट करत प्रकाशापर्यंत नेली तर? करून पाहिलं. हार्मोनियमच्या ‘काळी एक’ पट्टीचा सा (सुमारे १३९ हर्ट्झ) ४२ वेळा दुप्पट केल्यावर निळसर हिरवा आला. ‘काळी चार’ पट्टीचा (सुमारे २०८) ४१ वेळा केल्यावर लाल! म्हणजे गायक आणि त्याची पट्टी बदलली की सा चा रंग बदलणार. शिवाय कोमल-तीव्र धरून सूर बारा, त्यांचं काय?

रंग सातच का, याचं मूळ मात्र खरोखर संगीतात आहे. न्यूटनने आधी पाचच मुख्य रंग मानले होते; स्वरसप्तकाशी मेळ बसावा म्हणून नारिंगी आणि पारवा नंतर घातले.