नवा बंधारा नको, आधी पाटकरी द्या

"तुमच्याकडे पाऊस किती पडतो?" माझ्या मावसबहिणीच्या सासऱ्यांनी विचारलं. त्यांचं गाव धुळे जिल्ह्यात, साक्री तालुक्यात, पांझरेच्या काठी. आमच्या गोव्यातल्या फोंडा तालुक्यात एप्रिल लागला की कुळागरं, म्हणजे पोफळीच्या बागा, माना टाकतात, नळ रुसला की टँकरची वाट बघत बसावं लागतं, असं मी त्यांना नुकतंच सांगितलं होतं. म्हटलं, ३००० मिलिमीटर तरी पडतो. त्यांच्याकडे ५००-६०० पडला तर वर्ष बरं गेलं म्हणायचं. ते नुसते हसले. ते हसणं मला लागलं, खोटं कशाला सांगू.

सध्या आमच्या वाड्यावर, म्हणजे वस्तीवर, नवीन बंधाऱ्यासाठी निवेदन फिरतंय. सहीसाठी माझ्याकडेही आलं. मी सही केली नाही. त्यावरून काही जणांनी तोंड फिरवलंय, म्हणून जरा सविस्तर लिहिते. लांबण लागणार आहे, आधीच सांगते.

खानदेशात आणि लगतच्या नाशिक जिल्ह्यात पांझरा, मोसम, आराम या नद्यांवर फड पद्धत आहे. तीन-चारशे वर्षं जुनी. नदीत दगड-चुन्याचा बुटका बंधारा, त्याच्या बाजूने निघालेला कालवा, कालव्यातून चाऱ्या, चाऱ्यांतून शेतात जाणारे सारंग, आणि जास्तीचं पाणी परत सोडायला सांडम. सगळं उतारावर चालतं, ना पंप ना वीज. वरच्या गावाने सोडलेलं पाणी खालच्या गावाचा बंधारा पुन्हा उचलतो. इथवरचं कुठलाही इंजिनियर सांगेल. खरी गंमत जमिनीच्या वाटणीत आहे.

बंधाऱ्याखालची जमीन साधारण चार फडांत विभागलेली असते. एका फडात एकच पीक. कुठल्या फडात कुठलं पीक हे गाव मिळून ठरवतं, आणि ते वर्षागणिक फिरतं. बहुतेक शेतकऱ्यांची जमीन प्रत्येक फडात थोडी थोडी असते. आता बघा, नदीला पाणी कमी असलं की पंच ठरवतात, यंदा दोनच फड भिजवायचे. मग एकाचं सगळं बुडालं आणि शेजाऱ्याचं सगळं वाचलं असं होत नाही. झळ सगळ्यांनाच, थोड्याफार फरकाने सारखी. तूट कशी वाटायची हे त्यांनी हंगामाच्या तोंडावर, डोकी थंड असताना ठरवलेलं असतं. आपण ते ठरवायला बसतो एप्रिलमध्ये, कळशा हातात घेऊन, आणि मग जे व्हायचं ते होतं.

त्याहून मला आवडली ती तिथली माणसांची व्यवस्था. पाणी सोडायचं-बंद करायचं काम पाटकऱ्याचं. शेतात पाणी फिरवायचं काम बारेकऱ्याचं. पिकात गुरं शिरू नयेत म्हणून जागल्या. या सगळ्यांवर लक्ष ठेवायला हवालदार. म्हणजे शेताचा मालक स्वतःच्या हाताने पाणी घेतच नाही! बारेकरी ओळीने एकेक शेत भिजवत जातो, मग ते सरपंचाचं असो नाहीतर एकट्या बाईचं. या लोकांचा मोबदला शेतकरीच देत आले, पूर्वी तो धान्यात असायचा. रात्री दोन वाजता विजेरी घेऊन शेजाऱ्याच्या वाटचं पाणी वळवणारा मनुष्य आपल्याकडे वाड्या-वाड्यावर आहे. तिथे तसं करायला गेलं तर ते एका शेजाऱ्याशी भांडण राहत नाही, गावाने नेमलेल्या माणसाच्या कामात हात घालणं होतं. जरबेत फरक पडतो.

फडांची आता पडझड झालीय हेही मान्य. वर धरणं झाली, विहिरी आणि बोअर झाले, प्रत्येकाला आपल्या मनाचं पीक हवं झालं. तरी तीन-चार शतकं एखादी व्यवस्था टिकते, तेव्हा तिच्यात आपल्यासाठी काहीतरी असतंच.

परदेशातलं एक उदाहरण देऊन पुढे जाते. स्पेनमध्ये वालेन्सिया शहरात दर गुरुवारी दुपारी बारा वाजता कॅथेड्रलच्या दाराशी पाण्याचं न्यायालय भरतं. तुरिया नदीवरच्या आठ कालव्यांच्या शेतकऱ्यांनी निवडून दिलेले लोक काळे डगले चढवून बसतात. फिर्याद तोंडी, निकालही तिथल्या तिथे. २००९ साली युनेस्कोनेही त्याची दखल घेतली. पोर्तुगीज आपल्याकडे साडेचारशे वर्षं होते, शेजारची ही एक चांगली गोष्ट तेवढी त्यांना आणावीशी वाटली नाही. बहुधा आणायची गरजच नव्हती, गावकरी, म्हणजे गावाची सामाईक जमीन सांभाळणारी गावकारांची संस्था, आपल्याकडे त्यांच्या आधीपासून होती.

आता आमच्या वाड्याचं. भातकापणी झाली, दिवाळी सरली की पुरुषमंडळी व्हाळात, म्हणजे ओढ्यात, उतरायची. आधी देवळात गाऱ्हाणं, मग काम. दगड, माती, झाडांच्या फांद्या आणि गवताचा पेंढा यांचा बांध घालायचा. पुढच्या पावसाळ्यात तो वाहून जाणार हे ठाऊकच. त्या बांधाच्या वर पाट निघायचा. पाटाचं पाणी वायंगणाच्या, म्हणजे उन्हाळी, भाताला आणि कुळागरांना. पोफळीला डिसेंबरपासून पाऊस लागेपर्यंत पाणी हवंच, आणि पोफळीच्या जिवावर तिच्या सावलीतली मिरी, केळी, जायफळं. पाळ्या घराघरांना लावून दिलेल्या. आमची पाळी कुठल्या रात्री येते हे आजीला कॅलेंडर न बघता ठाऊक असायचं. घरात लग्न असलं तरी पाळीच्या रात्री एक माणूस मांडवातून उठून कुळागरात जायचा.

आणि पाटावर एक म्हातारे असायचे. त्यांना दर घरामागे ठरलेलं भात आणि नारळ. त्यांचं स्वतःचं कुळागर नव्हतं. त्यांच्यावर सगळेच ओरडायचे, पण म्हणूनच पाणी चोरलं असा संशय कोणी घेतला नाही. पाट कुठे फुटतो, खेकड्यांनी कुठे बिळं केलीत, कुणाच्या कुळागराच्या तोंडाला किती माती लावायची, सगळं त्यांना पायांनी कळायचं. ते वारले. मुलगा वेर्ण्याला कारखान्यात लागला. त्यांच्या जागी कोणाला नेमावं असं कोणाच्या मनातही आलं नाही. तोवर घरोघरी मोटारी आल्या होत्या. ज्याची मोटार मोठी त्याचं पाणी.

पुढे एका सरकारी खात्याने पाट सिमेंटचा करून दिला. नारळ फुटला, फलक लागला, फोटो पेपरात आला. मातीच्या पाटातून जे पाणी झिरपायचं, त्यावर खालच्या अंगाच्या विहिरी जगत होत्या. त्या आता मार्चातच तळ दाखवतात. दोन कुळागरांसाठी पाटाला तोंड ठेवायलाच विसरले, तेव्हा त्यांनी छिन्नीने फोडून घेतलं. पानं, माती, प्लॅस्टिक साचून पाट तुंबतो. काढायला चला म्हटलं की उत्तर येतं, "सरकाराचें न्हय तें? सरकार काडटलें." मातीचा पाट दरवर्षी बुजायचा म्हणून दरवर्षी सगळे एकत्र यायचे. सिमेंटने ते निमित्तही काढून घेतलं.

निवेदनावर सही का केली नाही, ते यात आलं. पण आणखी एक व्यावहारिक मुद्दा आहे. गोव्यात बंधारे काही कमी नाहीत. फळ्यांच्या बंधाऱ्याला पावसाळा संपला की वेळेवर फळ्या घालाव्या लागतात, आणि पावसाळ्यापूर्वी काढाव्या लागतात. आठवडाभर उशीर झाला तरी व्हाळाचं पाणी खाडीला जाऊन मिळतं. आपला डोंगर ते समुद्र अंतर केवढं? पाणी थांबायला मागत नाही. आता त्या फळ्या घालणार कोण, फट राहिली तर लिंपणार कोण, रात्री कोणी फळी उचलली तर बघणार कोण? निवेदनात बंधाऱ्याची लांबी आहे, रुंदी आहे, आमदारांचं नाव आहे. माणूस कुठेच नाही.

खाजन शेतीचं, म्हणजे खाडीकाठच्या बांध घातलेल्या शेतीचं, आपण कौतुक सांगतो, सांगायलाही हवं. सुमारे १८ हजार हेक्टर जमीन आपल्या पूर्वजांनी खाडीकडून मागून घेतली. बांध घातले, मानशी म्हणजे पाण्याची दारं बसवली. भरती आली की मानशीची दारं पाण्याच्या रेट्याने मिटतात, ओहोटीला उघडतात. तरी मानशीवर माणूस लागतोच, कारण आतलं पाणी किती ठेवायचं हा भाताचा आणि मासळीचा नेहमीचा झगडा. मानशीवरच्या मासेमारीची पावणी, म्हणजे लिलाव, व्हायची. बांधाची जबाबदारी गावकरीची होती, म्हणजे पुढे जिला कोमुनिदाद म्हटलं तिची. १९६४ चा कूळ कायदा आला. कसणाऱ्याला जमिनीत हक्क मिळाला, तो मिळायलाच हवा होता. बांधांची जबाबदारी कुळांच्या संघटनांकडे गेली. काही ठिकाणी त्या चांगल्या चालल्या, पुष्कळ ठिकाणी कागदावर राहिल्या. बांध फुटला, खारं पाणी आत आलं, शेतात खारफुटी उगवली. हक्क कोणाचा यावर आपण पिढ्यान्पिढ्या कोर्टात भांडलो. बांधावर रोज फेरी मारायची कोणी, हे विचारायला कोणाला सुचलं नाही.

इथे कोणीतरी मला म्हणणार, "जुनं ते सोनं का?" नाही. जुन्या गावकरीत बाईला स्थान नव्हतं, जोण, म्हणजे गावकरीच्या उत्पन्नातला वाटा, मुलग्यांकडे जायचा. गावात पिढ्यान्पिढ्या राबणाऱ्या कितीतरी जणांना गावकार म्हणून कधीच बसता आलं नाही. ती गावकरी जशीच्या तशी परत आणा असं मी स्वप्नातही म्हणणार नाही. या बाबतीत मला पुरंदर तालुक्यातल्या नायगावची पाणी पंचायत जास्त पटते. १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी ती उभी केली. पाणी जमिनीच्या प्रमाणात द्यायचं नाही, घरातल्या माणसांच्या प्रमाणात द्यायचं. माणशी अर्धा एकर, कुटुंबाला जास्तीत जास्त अडीच एकर. भूमिहीनालाही पाण्यात वाटा. ऊस लावायचा नाही. जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्याबरोबर विकला जात नाही. पुरंदरसारख्या कोरड्या मुलखात हे लोकांनी मान्य केलं. आपल्याकडे कुळागर विकत घेऊन व्हिला बांधणारा जलतरण तलावही त्याच झऱ्यावर भरतो, आणि आपण बघत बसतो.

म्हादई नदीचं नाव घेतल्याशिवाय गोव्यात पाण्यावर बोलता येत नाही, तर घेते. २०१० साली लवाद नेमला, ऑगस्ट २०१८ मध्ये निवाडा आला: गोव्याला २४ टीएमसी, कर्नाटकला १३.४२, महाराष्ट्राला १.३३. पुढे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात. म्हादईचं पाणी वळवायच्या कर्नाटकच्या कळसा-भांडुरा प्रकल्पाला माझा विरोध आहे, मोर्चालाही मी गेलेय. पण मोर्चातून घरी येताना वाटेवर आमचाच पाट प्लॅस्टिकने तुंबलेला दिसतो, तेव्हा कानकोंडं व्हायला होतं. तीन राज्यांत पाणी कसं वाटावं यावर आपल्यातला प्रत्येक जण अर्धा तास बोलू शकतो. अकरा घरांत कसं वाटावं म्हटलं की सगळे आकाशाकडे बघतात.

भूजलाचा कायदा आहे ना, असंही एकाने सुनावलं. आहे, २००२ चा. विहिरींची नोंदणी, टँकरवर बंधनं, सगळं त्यात आहे. पण कायद्याला व्हाळात उतरता येत नाही.

तर माझं म्हणणं एवढंच आहे. बंधारा मागायच्या आधी वाड्याने एक पाटकरी नेमावा. नोव्हेंबर ते मे, पगारी. त्याचं किंवा तिचं स्वतःचं कुळागर नसावं, ही पहिली अट. 'किंवा तिचं' म्हणताना काही जण हसतील, हसोत. आमच्या वाड्यावरच्या दोघी-तिघी बायकांना पाण्याच्या वाटा कुठल्याही ठेकेदारापेक्षा जास्त कळतात. पैसे कुळागरामागे गोळा करावेत. जो मालक पणजीत किंवा मुंबईत राहतो त्यानेही द्यावेत, उलट त्याने जास्त द्यावेत, कारण बांधावर यायचे त्याचे कष्ट वाचतात. मोटारींचे तास पाळीत धरावेत. फेब्रुवारीत व्हाळाची धार बघून ठरवावं की यंदा वायंगण कितपत निभेल आणि पोफळीला किती द्यायचं. ते एकदा ठरलं की मे महिन्यापर्यंत त्यावर वाद नको. हे दोन हंगाम चाललं आणि तरी पाणी पुरलं नाही, तर बंधाऱ्याच्या निवेदनावर पहिली सही माझी.

मोटारवाले ऐकणार नाहीत, हे मला सांगू नका. मला ठाऊक आहे, त्यातले दोघे माझे चुलतभाऊ आहेत. ते कोणाचंही ऐकत नाहीत, पण सगळ्या वाड्याने मिळून पगार दिलेल्या माणसासमोर रात्री मोटार सुरू करायला त्यांनाही थोडं जड जाईल.

सत्तरी, सांगे, काणकोण या बाजूंना काही गावांत अजून पाळीने पाणी घेतात असं ऐकते. तिथलं कोणी वाचत असेल तर कृपा करून सांगा: पाटावरच्या माणसाला पैशात देता की भातात? वर्षाचं आधी ठरवता की पीक आल्यावर? आणि तो आजारी पडला, तर त्याच्या जागी कोणाला पाठवता?