वॉल्टर ब्रेनन यांचे तीन ऑस्कर आणि एक्स्ट्रांची मते

जुन्या हॉलिवूडचा विषय निघाला की वॉल्टर ब्रेनन यांच्याविषयी एक दावा हमखास पुढे केला जातो. सहायक अभिनेत्याचे जे तीन ऑस्कर त्यांना मिळाले ते अभिनयाचे नव्हतेच, एक्स्ट्रा कलाकारांच्या गठ्ठा मतांचे होते. ब्रेनन स्वतः एके काळी एक्स्ट्रा असल्याने त्या मंडळींनी आपला माणूस निवडून आणला, आणि तिसऱ्या विजयानंतर ऑस्कर देणाऱ्या अकादमीने एक्स्ट्रांचा मताधिकारच काढून घेतला, असे सांगितले जाते. त्याला शेपूट जोडलेले असते की, या नटाने जन्मभर एकच बोळका, कुरकुरणारा म्हातारा रंगवला.

यातला खरा भाग आधी मान्य करतो. ब्रेनन एक्स्ट्रांच्या रांगेतूनच वर आले होते, त्या काळात एक्स्ट्रांना मत होते आणि त्यांची संख्याही मोठी होती. मतांमध्ये जिव्हाळ्याचा वाटा नसेलच असे कोणी म्हणणार नाही. तीन पारितोषिकांपैकी (1936 चा ‘कम अँड गेट इट’, 1938 चा ‘केंटकी’ आणि 1940 चा ‘द वेस्टर्नर’) ‘केंटकी’तली भूमिका मला स्वतःला सामान्य वाटते.

परंतु घटनाक्रम या दाव्याला साथ देत नाही. तिसरे पारितोषिक फेब्रुवारी 1941 मध्ये मिळाले आणि पुढच्याच वर्षी ‘सार्जंट यॉर्क’साठी ब्रेनन पुन्हा नामांकित झाले. तेव्हाही एक्स्ट्रांचे मत कायम होते. इतके की, त्याच समारंभातल्या ‘सिटिझन केन’च्या पराभवाचे खापर आजही त्यांच्यावरच फोडले जाते. तो गठ्ठा ब्रेनन यांच्या खिशात असता, तर चौथे पारितोषिक कुठे गेले नसते. प्रत्यक्षात ते ‘हाऊ ग्रीन वॉज माय व्हॅली’साठी डोनाल्ड क्रिस्प यांना मिळाले.

‘एकच म्हातारा’ हा आक्षेप तर चित्रपट न पाहताच घेतलेला दिसतो. ब्रेनन यांचा जन्म 1894 चा, म्हणजे ‘द वेस्टर्नर’मधला जज रॉय बीन साकारताना ते जेमतेम पंचेचाळिशीत होते आणि नायक गॅरी कूपर यांच्याहून केवळ सात वर्षांनी मोठे. दारूच्या गुत्त्यातच न्यायालय भरवून माणसांना फासावर चढवणारा हा बीन लिली लँगट्री या नटीवर जीव ओवाळून टाकतो. तिच्या केसांची बट आपल्याजवळ असल्याची थाप कूपर यांचा कोल हार्डन मारतो, तेव्हा त्या क्रूर माणसाच्या डोळ्यांत लहान मुलाची हाव उतरते. आवाज मऊ होतो, पण संशय जात नाही. शेवटी बीन जुना लष्करी गणवेश चढवून, नाट्यगृहाची सगळी तिकिटे विकत घेऊन रिकाम्या खुर्च्यांमध्ये एकटा बसतो, आणि पडदा वर जातो तेव्हा समोर लिलीऐवजी हार्डन उभा असतो. आपण ज्याला खुनी म्हणून ओळखतो त्याच्यासाठी त्या क्षणी जीव तुटतो, आणि हे केवळ ब्रेनन यांच्यामुळे घडते. विल्यम वायलर यांच्या या चित्रपटात कूपर यांच्यापेक्षा तेच अधिक लक्षात राहतात.

त्याच्याशेजारी ‘टू हॅव अँड हॅव नॉट’मधला एडी ठेवून पाहावा. थरथरणाऱ्या हातांचा हा दारुडा भेटेल त्याला मेलेल्या मधमाशीच्या डंखाविषयी विचारत सुटतो. एका अपघातात दात गमावलेले ब्रेनन कवळी घालायची की काढायची हे भूमिकेनुसार ठरवत, हे खरे. पण कवळी काढल्याने एडी आणि बीन यांच्यात पडलेले अंतर निर्माण होत नाही.

आणि जॉन फोर्ड यांच्या 1946 च्या ‘माय डार्लिंग क्लेमेंटाइन’मधला म्हातारा क्लँटन? त्यात कुरकूर नाही, विनोद नाही, प्रेक्षकांची माया मिळवण्याचा प्रयत्न तर नाहीच. कायद्याचा रखवालदार असलेल्या वायट अर्पसमोर नामुष्की पत्करलेल्या आपल्या प्रौढ मुलांना हा बाप चाबकाने फोडून काढतो आणि पिस्तूल उपसले की माणूस मारायचाच, एवढेच बजावतो. ब्रेनन यांनी उभा केलेला हा सर्वांत भीतीदायक माणूस आहे, आणि माझ्या मते त्यांची सर्वश्रेष्ठ भूमिकाही हीच. अकादमीने तिला साधे नामांकनही दिले नाही.