दरवाजा नंबर २५५६५

आमच्या शहराला बावन्न दरवाजांचं शहर म्हणतात. बावन्नच्या बावन्न मोजून आलेला माणूस मला अजून भेटलेला नाही, पण रिक्षावाल्याला नुसतं 'गेट' म्हटलं तर तो 'कोणतं?' असं विचारतो, एवढं खरं. दिल्ली गेट, पैठण गेट, रोशन गेट आणि कटकट गेट. हे शेवटचं नाव मी विनोदासाठी बनवलेलं नाही, छत्रपती संभाजीनगरात ते खरोखर आहे. मे महिन्यात आठ दिवस त्याची एक शाखा सिडकोत आमच्या घरी उघडली होती.

सुरुवात चिरंजीवांनी केली. वय चौदा. इतिहासाचं पुस्तक उघडायला सांगितलं की याचं डोकं दुखतं. पण या पोरानं सुट्टीत महिनाभर खपून माइनक्राफ्ट या ठोकळ्यांच्या कंप्युटर गेममध्ये भडकल दरवाजा बांधला. मलिक अंबरनं तो १६१२ साली बांधला, हे त्याला पाठ. कमानी मोजायला सायकलवर दोनदा तिकडं जाऊन आला. आता एवढं बांधल्यावर कोणाला तरी दाखवायला नको? दाखवायचं परभणीच्या भाच्याला, म्हणजे माझ्या ताईच्या मुलाला.

"व्हिडिओ पाठव की."

"पप्पा, व्हिडिओत आत शिरता येत नाही."

मुद्दा बिनतोड होता. आपण आपल्या घरी सर्व्हर, म्हणजे सगळ्यांना एकाच गेममध्ये घेणारा प्रोग्राम, चालू करायचा, भाच्यानं परभणीहून त्याला जोडून घ्यायचं, मग दोघं एकाच दरवाजातून फिरतील, असं त्याचं म्हणणं. मी म्हणालो, "हात्तिच्या, त्यात काय एवढं!" ऑफिसात प्रिंटरमध्ये अडकलेला कागद न फाटता बाहेर काढणारा माणूस म्हणून माझा लौकिक आहे. तो लौकिकच नडला.

सर्व्हर जुन्या कंप्युटरवर टाकला. पहिल्यांदा चालू केला तर तो एक फाइल तयार करून गपकन बंद झाला. फाइलीत अटी मान्य आहेत का, याच्यापुढं 'फॉल्स' लिहिलेलं. ते खोडून 'ट्रू' केलं. सातबारा न बघता प्लॉट घेणाऱ्या घराण्यातला मी, मला असल्या सहीचं काय वाटणार. सर्व्हर सुरू झाला. चिरंजीवांनी त्याच कंप्युटरवरून १२७.०.०.१ टाकलं आणि दोन सेकंदांत आत गेले. मी टाळी वाजवली. नंतर कळलं की १२७.०.०.१ म्हणजे ज्याचा त्याचा स्वतःचा पत्ता. आपल्याच घरात उभं राहून आपल्यालाच हाक मारली आणि 'ओ' आली, एवढंच सिद्ध झालं होतं.

मग भाच्याला खरा पत्ता दिला. खरा म्हणजे कंप्युटरनं मला दाखवला तो, १९२.१६८.१.७. पाच मिनिटांत परभणीहून फोन.

"मामा, व्हायलं नाही. कनेक्शन रिफ्यूज्ड म्हणायलंय."

"नीट टाक. बिंदू दिलेत का मधे?"

"दिलेत की."

असं अर्धा तास चाललं. मी इकडून आकडे सांगतोय, तो तिकडं टाकतोय, आणि दर वेळी रिफ्यूज्ड. शेवटी दाजींनी त्यांच्या राऊटरमधली, म्हणजे घरभर इंटरनेट वाटणाऱ्या डबीतली, पत्त्यांची यादी उघडली तेव्हा उलगडा झाला. १९२.१६८ नं सुरू होणारे पत्ते घरगुती. तुमच्या घरात असतात, माझ्या घरात असतात, आणि घराबाहेर त्यांना कुणी विचारत नाही. आपल्याकडं कुठल्याही गावात 'मारुतीच्या देवळामागं, डाव्या हाताचं घर' असा पत्ता असतोच की. मी परभणीतल्या पोराला संभाजीनगरातलं मारुतीचं देऊळ सांगत होतो आणि तो आपला परभणीतल्या देवळामागं जाऊन दार वाजवत होता. त्यांच्या घरात १९२.१६८.१.७ म्हणजे हॉलमधला टीव्ही निघाला. भाचा अर्धा तास स्वतःच्याच टीव्हीला 'मला तुझ्या गेममध्ये घे' अशी विनवणी करत होता आणि टीव्ही बिचारा प्रामाणिकपणे 'इथं तसलं काही नाही' म्हणून सांगत होता.

इथं मी अभ्यासाला लागलो. कंप्युटरचा पत्ता म्हणजे घर, आणि पोर्ट म्हणजे त्या घराचा दरवाजा. एका घराला किती दरवाजे असावेत? शून्य सोडून ६५,५३५. बावन्न दरवाजांचा अभिमान बाळगणाऱ्या माणसानं हा आकडा दोनदा वाचला. वेबसाइटी ८० आणि ४४३ नंबरच्या दरवाजातून ये-जा करतात, तर माइनक्राफ्टची जावा आवृत्ती २५५६५ नंबरच्या दारामागं कान लावून बसते. बाहेरून कोणी आलं तर राऊटरनं त्याला नेमकं त्या कंप्युटरकडं धाडायचं, याला पोर्ट फॉरवर्डिंग म्हणतात. पाव्हणा आला तर त्याला वरच्या खोलीत पाठव, असं दारावरच्या पोराला सांगून ठेवायचं, इतकीच गोष्ट.

पण ते सांगायला राऊटरच्या आत शिरावं लागतं, आणि त्याचा पासवर्ड असतो राऊटरच्या पोटाखालच्या चिठ्ठीवर. आमचा राऊटर इंटरनेटवाल्या पोरानं हॉलच्या दाराच्या वर, कालनिर्णयच्या खिळ्याशेजारी ठोकलेला. स्टुलावर चढलो. वायरी ताणून त्याला उलटा केला तर अक्षरं मोहरीएवढी. चष्मा खाली राहिलेला. चिरंजीवांनी मोबाइलनं फोटो काढून मोठा केला, तेव्हा शेवटचं अक्षर शून्य की ओ, यावर बापलेकांत मतभेद झाले. खालून आईनं विचारलं, "पाल आहे का रे?"

आत शिरलो. खिडकीत शंभर नावं, पण 'पोर्ट फॉरवर्डिंग' कुठं नाही. तेच काम 'व्हर्च्युअल सर्व्हर' या नावाखाली लपलेलं. आकडा भरला. पुढं विचारलं, टीसीपी की यूडीपी? मी यूडीपी निवडलं. कारण विचारू नका, ऐकायला ते जरा नवीन वाटलं. हे दोन प्रकार आपल्याला चांगले माहीत आहेत, फक्त नावं माहीत नाहीत. टीसीपी म्हणजे आमच्या आत्याचा फोन. "ऐकू यायलं का? हां? काय म्हणले मी? परत सांग बरं." प्रत्येक वाक्याची पोच घेतल्याशिवाय आत्या पुढं सरकत नाही. यूडीपी म्हणजे रिक्षावरचा भोंगा. तो आपला बोलत पुढं जातो, कोणी ऐकलं, कोणी नाही, त्याला घेणंदेणं नाही. जावा माइनक्राफ्टला आत्या लागते, मी भोंगा लावून ठेवला होता. ते कळायला एक दिवस गेला.

टीसीपी केलं, भाच्याला घरगुती पत्ता सोडून इंटरनेटवर दिसणारा आमचा पत्ता दिला, आणि एरर बदलली. रिफ्यूज्ड जाऊन आता 'टाइम्ड आउट' आलं. तुम्हाला फरक क्षुल्लक वाटेल, पण मी त्या आठवड्यात या दोन शब्दांवर व्याख्यान देऊ शकलो असतो. रिफ्यूज्ड म्हणजे दार वाजवलं, कोणीतरी आतून 'इथं कोणी राहत नाही' म्हणून सांगितलं. अपमान आहे, पण उत्तर आहे. टाइम्ड आउट म्हणजे देवगिरीची अंधारी. शाळेच्या सहलीत दौलताबादला आम्हाला त्या भुयारातून नेलं होतं. वळणं, काळोख, वटवाघळांचा वास, आणि पुढच्या पोराला हाक मारली तर उत्तर येईल याची खात्री नाही. शत्रू आत शिरला की तो संपला, असं गाइड म्हणाला होता. भाच्याच्या माहितीचं प्रत्येक पाकीट परभणीहून निघत होतं आणि आमच्या अंधारीत गडप होत होतं.

अंधारी मीच बांधलेली होती. पहिल्या दिवशी विंडोजनं एक चौकट दाखवून 'या प्रोग्रामला आत येऊ देऊ का' असं विचारलं होतं. कुठलीही अनोळखी चौकट दिसली की कॅन्सल दाबायचं, हा बँकेच्या मेसेजांनी लावलेला संस्कार. कॅन्सल दाबलं की विंडोज ते विसरत नाही, फायरवॉलमध्ये, म्हणजे त्याच्या पहारेकऱ्याच्या वहीत, 'याला येऊ द्यायचं नाही' असा नियमच लिहून ठेवतं. तो खोडला. दरम्यान एकदा लाईट गेली, आली, आणि राऊटरनं कंप्युटरला ७ च्या ऐवजी ९ नंबर देऊन टाकला. म्हणजे पाव्हण्याला वरच्या खोलीत पाठव म्हणून सांगून आपणच खाली झोपायला गेलो. तेही निस्तरलं. तरी टाइम्ड आउट.

पाचव्या दिवशी ताई म्हणाली, "अरे, इतक्यात तो तपोवननं येऊन, बघून, जेवून परत गेला असता." परभणीबद्दल आमच्याकडं एक म्हण आहे, बनी तो बनी, नहीं तो परभनी. मी ती मनातल्या मनात म्हटली. ताईपुढं मोठ्यानं म्हणायची माझी छाती नाही.

खरी गोम सहाव्या दिवशी सापडली. इंटरनेटवर 'माझा पत्ता काय' विचारलं तर एक आकडा यायचा, आणि राऊटरमध्ये बाहेरच्या बाजूचा आकडा बघितला तर भलताच, १००.७२ नं सुरू होणारा. इंटरनेटवाल्या पोराला फोन केला. हा आधी केबलवाला होता, पोल तेच आहेत.

"काका, तुमचा पब्लिक नाहीच."

"म्हणजे?"

"म्हणजे तुम्ही आमच्या आतच आहात."

हे वाक्य ऐकून मला उगाच पोटात गेल्यासारखं वाटलं. पण तो बरोबर होता. जुन्या पद्धतीचे पत्ते जगात सगळे मिळून साधारण ४२९ कोटी, ते पुरेनात, म्हणून कंपन्या एका पत्त्यामागं ढीगभर घरं बसवतात. १००.६४ पासून १००.१२७ पर्यंतचे आकडे त्याच कामासाठी राखून ठेवलेले. आपण बाहेर गेलो तर अडचण नाही, परतीची वाट कंपनीचं यंत्र लक्षात ठेवतं. पण बाहेरून कोणी थेट आलं, तर हा कोणाचा पाव्हणा हे त्याला ठाऊक नसतं. सहा दिवस मी फ्लॅटच्या दारावर पाटी रंगवत होतो, आणि वॉचमन खाली गेटवर बसला होता. तो माझा नव्हता, पाटी वाचायला वर येणारही नव्हता.

"स्टॅटिक आयपी घ्या काका, म्हणजे तुमचा स्वतःचा कायमचा पत्ता. महिन्याला वेगळे पैसे पडतील."

बायको म्हणाली, "अहो, म्हणजे आपण इतके दिवस इंटरनेटचे पैसे भरायलोत आणि पत्ता आपला नाहीच?" मी गप्प बसलो. पैसे भरले.

आठव्या दिवशी रात्री सव्वानऊला सर्व्हरच्या काळ्या पडद्यावर ओळ उमटली: भाचा गेममध्ये आला. आम्ही सगळे कंप्युटरभोवती. आईसुद्धा माळ हातात घेऊन. पडद्यावर एक चौकोनी डोक्याचा माणूस भडकल दरवाजासमोर उभा. चिरंजीव त्याच्याभोवती उड्या मारतायत, "ये ना आत, ये!" माणूस कमानीकडं तोंड करून निश्चल.

"बघतोय बघ कसा," आई म्हणाली. "डोळे भरून बघतोय."

अर्ध्या मिनिटानं तो माणूस पडद्यावरून नाहीसा झाला आणि खाली ओळ आली: टाइम्ड आउट. मी फायरवॉल उघडली. राऊटर उघडला. फॉरवर्डिंग तपासलं. टीसीपी होतं, ९ होतं, सगळं जागच्या जागी. घाम फुटला. तेवढ्यात फोन वाजला.

"मामा, तुमचं काही हलवू नका," भाचा म्हणाला. "इकडं लाईट गेली."