हॉलमधला कॅमेरा: ज्येष्ठांसाठी काही सूचना

मुलाने न्यू जर्सीहून कॅमेरा पाठवला असेल तर आधी अभिनंदन. पैसे पाठवणारी मुलं पुष्कळ असतात. आईवडील काय करताहेत हे चोवीस तास बघणारी नशिबानेच लाभतात. "तुमच्या सेफ्टीसाठीच आहे, बाबा," म्हटल्यावर शंका काढणं शोभत नाही.

कॅमेरा शोकेसवर लावा, म्हणजे जेवणाचं टेबलही त्यात येईल. त्याला बोलता येतं. तुम्ही श्रीखंडाच्या डब्यात चमचा घालाल आणि नटराजाच्या मूर्तीमागून आवाज येईल, "बाबा, शुगर!" दचकू नका. पूर्वी अशी आकाशवाणी कंसाला झाली होती, आता कोथरूडच्या टू बीएचकेत होते. हसून डबा सौ.कडे सरकवा, तिची शुगर नॉर्मल आहे.

इतकी वर्षं घरात पट्ट्यापट्ट्याच्या चड्डीत वावरलात, ते पुरे. सूनही मधूनच ॲप उघडते.

घड्याळ मात्र पाठ करा. हिवाळ्यात तिकडची वेळ साडेदहा तास मागे, उन्हाळ्यात साडेनऊ. थंडीत आपले दुपारचे दोन म्हणजे तिकडे पहाटेचे साडेतीन. जिलबी आणि सुनेबद्दलची मतं तेव्हाच काढावीत. मेमरी कार्डावर सगळं उतरतं म्हणे. उतरू दे. तुमचं तासन्‌तास बघायला त्याला वेळ असता तर फोनच नसता का केला?

कुणीतरी कायदा सांगेलच. २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमताने खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. त्यासाठी कोर्टात गेलेले पुट्टस्वामी स्वतः ऐंशी ओलांडलेले निवृत्त न्यायमूर्ती. पण ते आधारवरून सरकारशी भांडत होते. सरकारशी भांडणं सोपं. दिवाळीला सरकारचा फोन येत नाही. २०२३चा डेटा संरक्षण कायदा तर घरगुती वापराला लागूच नाही. लेक सुटला.

कामवाल्या मावशी झाडताना कॅमेऱ्यावर ओलं फडकं टाकतात. ते लगेच उचलू नका. विचारलंच तर "वाळत घातलं होतं" म्हणा.

राहता राहिला गुरुवार. महावितरणने देखभालीसाठी वीज घालवली की वायफायही जातं. साठलेली भांडणं तेवढ्या वेळात उरकून घ्या, मोठ्याने. मुलगा इन्व्हर्टर घेऊन देतो म्हणाला तर "कशाला उगाच खर्च?" म्हणा. जन्मभर तेच म्हणत आलात, त्याला संशय येणार नाही.