डब्यातली तीस वर्षं

सकाळी आमच्या सिनेमाच्या ग्रुपवर एकाने लिहिलं, "बंदी आली की सिनेमाचं भलंच होतं. फुकटची प्रसिद्धी!" खाली अंगठ्यांची रांग. दिवसभर डोक्यातून जात नाहीये, म्हणून लिहितेय.

बिंका झेल्याझकोवा. बल्गेरियात कथापट दिग्दर्शित करणारी पहिली बाई, जन्म १९२३चा. तरुणपणी फॅसिस्टांविरुद्धच्या चळवळीत होती, म्हणजे नंतर सत्तेवर आलेले लोक तिचेच. १९५७ साली तिने आणि तिचा नवरा, पटकथाकार ख्रिस्तो गानेव्ह, यांनी पहिला चित्रपट केला. कालचे लढवय्ये खुर्चीत बसल्यावर कसे बदलतात, हा विषय. सत्तेतल्या कम्युनिस्ट पक्षाने तो डब्यात बंद केला. लोकांसमोर आला १९८८ला. चौतिशीतली बाई तोवर पासष्टीची झाली होती.

कसलं भलं?

सेकंड इयरला आम्ही एकांकिका बसवली होती. गावात आलेला पाण्याचा टँकर कुणाच्या वाड्यापुढे रिकामा होतो, एवढीच गोष्ट. महिनाभर तालमी केल्या. प्रयोगाच्या आदल्या संध्याकाळी केबिनमध्ये बोलावून सांगितलं, "वातावरण बिघडेल." झालं. एवढ्या एका वाक्यात संपलं.

बिंकाने मात्र पुन्हा चित्रपट केला. १९६१चा तिचा 'आम्ही तरुण होतो' मॉस्कोच्या महोत्सवात सुवर्णपदक घेऊन आला. मग १९६७ला 'बांधलेला फुगा'. महायुद्धाच्या काळात एक भलामोठा लष्करी फुगा सुटून खेड्यावर येतो आणि गावकरी त्याच्यामागे धावत सुटतात. त्या धावण्यात इतका आनंद आहे की बघताना माझ्या घशात आवंढा आला. तोही पडद्यावरून उतरवला. पुढचा कथापट थेट १९७३चा. मधली सहा वर्षं तिला कोण परत देणार? स्लिवेनच्या महिला तुरुंगावर केलेले तिचे दोन माहितीपटसुद्धा अडकवून ठेवले.

हो, मान्य, पैसा त्याच सरकारचा होता. आणि रिळं जाळली नाहीत, तेवढं खरं.

पण सिनेमा काही लोणचं नाही, मुरल्यावर चव यायला! तो ज्यांच्यासाठी केला, त्यांनी तेव्हाच बघायचा असतो. मागच्या दिवाळीत मैत्रीण म्हणाली, "आता कर की ती एकांकिका, कोण अडवतंय?" वही काढून वाचली. शब्द होते तसेच आहेत. पण ज्यांना ते बोचायला हवे होते, ते सरपंच जाऊन बारा वर्षं झाली. कुणापुढे करू?

बिंकाचा शेवटचा कथापट १९८८चा. पुढच्याच वर्षी राजवट कोसळली, अडवणारे गेले. २०११ साली ती वारली, तोवर तिने पुन्हा एकही चित्रपट केला नाही. यावर काही लोक "तिचं वय झालं होतं" म्हणतील. वय कुठे गेलं, ते विचारा ना!

आमच्या एकांकिकेत म्हातारीचं काम करणाऱ्या मैत्रिणीला आत्ता फोन केला. "हंडा रिकामा हाय, पर मी न्हाई," हे पहिलं वाक्य तिने त्याच आवाजात म्हटलं. पुढचं तिला आठवेना. मला आठवत होतं, पण मी सांगितलं नाही.