पॅरिसला गेलेल्या सहा पैलवानांत पाच पोरी होत्या

मंडळी, पोस्ट मोठी आहे पण कुस्तीवर जीव असणाऱ्यांनी शेवटपर्यंत वाचा, विशेष करून बेळगाव तालुक्यातल्या आणि चंदगड, खानापूरकडच्या यात्रा कमिटीवाल्यांनी.

२०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये भारताला सहा पदकं मिळाली, एक चांदी आणि पाच कांस्य. त्याआधी टोकियोला सात होती आणि त्यात नीरजचं सोनं होतं, त्यामुळं पॅरिस झाल्यापासून चहाच्या गाड्यावर, सलूनमध्ये, एसटीत, जिथं बघाल तिथं एकच सूर, एवढा मोठा देश आणि सहाच मेडल काय. त्यात सहा वेळा आपली माणसं चौथी आली हे कुणी बोलतच नाही. मीराबाई चौथी, लक्ष्य सेन चौथा, मनू भाकर दोन पदकं घेऊन तिसऱ्या प्रकारात चौथी, अर्जुन बबुता चौथा, तिरंदाजीची मिक्स टीम चौथी, नेमबाजीतली स्कीटची मिक्स टीम चौथी. जगात चौथं येणं म्हणजे काय चेष्टा आहे काय हो? पण ते असू दे, मला आज दुसऱ्याच एका आकड्याबद्दल बोलायचंय.

पॅरिसला कुस्तीत भारताचे सहाच पैलवान क्वालिफाय झाले होते. विनेश फोगाट, अंतिम पंघाल, अंशू मलिक, निशा दहिया, रितिका हुड्डा आणि अमन सेहरावत. म्हणजे सहांत पाच पोरी, आणि पुरुषांत एकटा अमन. ग्रीको-रोमनला (फक्त कमरेच्या वरच धरायची कुस्ती) तर आपला एकही नाही. आणि सहाच्या सहा हरियाणाचे. महाराष्ट्राचा एक नाही, कर्नाटकाचा एक नाही. आपण तर दोन्हीकडचे, बोलतो मराठी आणि पोरं खेळायला गेली की कर्नाटकाची जर्सी घालतात, म्हणजे कुठल्याही बाजूनं मोजा, आपला हिशेब शून्यच.

आणि हे आपलं, ज्यांच्या प्रत्येक गावात तालीम आहे त्यांचं. ऑलिंपिकमध्ये कुस्तीचं पहिलं मेडल आणलं ते कराडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी, १९५२ ला हेलसिंकीत, म्हणजे आपल्याच मातीतनं. पण खाशाबांचं नाव घेताना त्याच्या आधीची गोष्ट पण सांगितली पाहिजे. १९४८ ला लंडनला ते गेले तेव्हा त्यांचा सगळा सराव मातीवरचा, मॅटवर खेळायची सवयच नव्हती, तरी सहावे आले. पुढची चार वर्षं मॅटच्या कुस्तीसाठी मेहनत घेतली तेव्हा कांस्य आलं. त्यानंतर कुस्तीचं पुढचं पदक यायला २००८ उजाडलं, सुशीलकुमारचं, बीजिंगला. ५६ वर्षं! आणि खाशाबांनंतर आजपर्यंत ना महाराष्ट्राच्या पैलवानाला ऑलिंपिकचं मेडल मिळालं ना कर्नाटकाच्या.

आता कुणी म्हणेल मातीला नावं ठेवतोय. अजिबात नाही. तांबड्या मातीत ताक, तेल, हळद घालून हौदा तयार केलेला असतो, तिथं पाय ठेवला की आजही अंगावर काटा येतो माझ्या. मैदानात हलगी कडकडली की मी जागेवर बसू शकत नाही. पण मातीतली कुस्ती आणि ऑलिंपिकची कुस्ती हे दोन वेगळे हिशेब आहेत हे मान्य करायला पाहिजे. आपल्याकडं पाठ लागेपर्यंत कुस्ती, कब्जा घेऊन पाच-पाच मिनिटं वर बसून राहिला तरी चालतंय, पब्लिक तेवढं ओरडतंय. तिकडं तीन-तीन मिनिटांचे दोन राऊंड, खाली घेऊन काही केलं नाही तर पंच लगेच उठवतो, नुसतं थांबून राहिलात तर ३० सेकंदांचं घड्याळ लावतो आणि तेवढ्यात गुण घेतला नाही तर समोरच्याला गुण जातो. दहा गुणांची आघाडी झाली की कुस्ती संपली. तिथं पट काढायचा, म्हणजे समोरच्याचा पाय धरून पाडायचा, स्पीड लागतो, दम वेगळा लागतो. ज्या पोरानं वीस वर्षांचा होईपर्यंत मॅट बघितलीच नाही तो तिथं जाऊन काय करणार?

आणि वजन. विनेशचं काय झालं ते सगळ्यांनी बघितलं, रडलो पण सगळे. ६ ऑगस्टला एका दिवसात तिनं तीन कुस्त्या मारल्या, त्यातली पहिलीच जपानच्या युई सुसाकीशी, जी तोपर्यंत आंतरराष्ट्रीय कुस्तीत कधी हरलीच नव्हती, टोकियोची गोल्ड मेडलिस्ट. शेवटच्या काही सेकंदांत विनेशनं ती फिरवली ३-२. मग युक्रेनची, मग क्युबाची, आणि पोरगी फायनलला. ऑलिंपिकच्या फायनलला जाणारी पहिली भारतीय महिला पैलवान. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी वजनाला उभी राहिली तर १०० ग्रॅम जास्त. केस कापले, रात्रभर पळाली, पाणी सुद्धा घेतलं नाही, तरी १०० ग्रॅम राहिलंच. नियम असा आहे की कुस्ती दोन दिवस चालते आणि दोन्ही दिवशी सकाळी वजन होतं, दुसऱ्या दिवशी बसला नाहीत तर आदल्या दिवशीचं सगळं गेलं, नंबर थेट शेवटचा. आपल्याकडं लगेच षडयंत्राच्या पोस्टी सुरू झाल्या. अहो पण ती आधी खेळायची ५३ किलोला, त्या गटात अंतिम पंघालनं कोटा, म्हणजे ऑलिंपिकची जागा, मिळवला म्हणून तिला ५० ला उतरावं लागलं, तीन किलो खाली. तीन किलोचा अर्थ काय असतो ते पैलवानाला विचारा. अमनला सुद्धा कांस्याच्या कुस्तीआधी एका रात्रीत साडेचार किलोच्या वर वजन उतरवावं लागलं, २१ वर्षांचं पोरगं ते, आणि सकाळी वजन देऊन संध्याकाळी मेडल मारलं. ऑलिंपिकला वैयक्तिक मेडल मिळवणारा आपला सगळ्यात लहान खेळाडू.

मग आता आपल्याकडं या. गेल्या हंगामातल्या एका मैदानावर मी होतो, गावाचं नाव लिहीत नाही, कारण हे सगळ्याच गावांत असंच चालतंय. दुपारी तीनच्या सुमारास, ऊन्ह अजून हौद्यात होतं आणि पब्लिक निम्मं पण भरलं नव्हतं, तेव्हा निवेदकानं माईकवर सांगितलं की आता आपल्या लेकींची कुस्ती, टाळ्या वाजवा. दोन पोरी उतरल्या. एक असेल तेरा-चौदा वर्षांची, केसांची वेणी घट्ट डोक्याला गुंडाळून वरनं रुमाल बांधलेला, अंगात भावाचा असावा असा मोठा टीशर्ट, खांद्यावर खाली उतरत होता, तो ती सारखा वर ओढत होती. समोरची तिच्यापेक्षा सहा-सात किलोनं सहज जास्त. कारण जोड लावली ती डोळ्यानं, दोघींना शेजारी शेजारी उभं केलं, कुणीतरी म्हणालं बसतंय, झालं. वजनकाटा कुणी आणलाच नव्हता. तरी त्या बारक्या पोरीनं मोठीच्या एका पायाला हात घालून एकेरी पट असा काय ओढला की मोठी गुडघ्यावर आली, परत उठली, परत हिनं पाय धरला. माती डोळ्यांत गेली म्हणून पोरगी एका हातानं डोळा चोळत होती आणि दुसऱ्या हातानं पाय सोडत नव्हती. शेवटी वजनापुढं काय चालणार, खाली गेली, पाठ लागली. तेवढ्यात बाजूचे चौघे चहाला उठून गेले होते. दोघींच्या हातावर पाचशे-पाचशे ठेवले, फोटो काढला आणि विषय संपला.

त्याच मैदानावर रात्री नंबर एकच्या कुस्तीला बाहेरून आणलेल्या दोन मल्लांना लाखांत बिदागी. पंजाब, हरियाणा, कधी इराणचे सुद्धा मल्ल येतात, ते येऊ देत, त्यांना बघून आमची पोरं शिकतात, मी त्याला विरोध करत नाही. पण अर्धा तास नुसती उभ्या उभ्या खडाखडी झाली, वेळ संपत आली, पंचांनी बरोबरीत सोडवली आणि पैसे घेऊन दोघं त्याच रात्री गाडीत बसले. त्यातून गावात काय राहिलं? चांगली मॅट काही लाखांत येते, एकदा घेतली आणि नीट वापरली तर वर्षानुवर्षं चालते. एका वर्षाच्या नंबर एक आणि नंबर दोनच्या बिदागीत बसण्यासारखा विषय आहे हा.

मला माहिताय लगेच काय कॉमेंट येणार. पोरींची कुस्ती बघायला कोण येतंय, वर्गणी कशावर गोळा करायची. तर २०१६ ला रिओला भारताची दोनच मेडल आली, सिंधू आणि साक्षी मलिक, दोन्ही पोरी, त्यातली एक कुस्तीची. मेडल आल्यावर ढोल आपण वाजवला, बॅनर आपण लावले. तिकडं सांगलीला २०२३ ला महिला महाराष्ट्र केसरी सुरू झाली, सांगलीचीच प्रतीक्षा बागडी पहिली जिंकली. म्हैसूरला दसऱ्यात पोरींच्या कुस्त्या होतात. मग मधल्या आपल्या पट्ट्यातच काय अडतंय?

दुसरी कॉमेंट येणार की पोरीला तालमीत कसं पाठवायचं. ही अडचण मात्र खरी आहे आणि ती झटकून टाकता येत नाही. २०२३ ला विनेश, साक्षी, बजरंग जंतरमंतरवर कशासाठी बसले होते ते सगळ्यांना माहीत आहे. एवढ्या मोठ्या पोरींना फेडरेशनच्या त्यावेळच्या अध्यक्षावर आरोप करून रस्त्यावर बसावं लागलं, तर गावातला बाप घाबरणारच, मी पण एका पोरीचा बाप आहे. त्यावर उपाय पोरीला घरात बसवणं हा नाही. पोरींची वेळ वेगळी ठेवा, कपडे बदलायला कडी लागणारी खोली द्या, बाई कोच ठेवा, आणि आईला, आजीला दारात बसून बघायची मुभा द्या. आमच्या गावात एक आजी नातीला घेऊन रोज ग्राउंडवर येते, नात पळते आणि आजी कट्ट्यावर शेंगा सोलत बसते, कुणाची हिंमत आहे काय वाकडं बघायची.

आणि आपल्याकडं होत नाही असं म्हणू नका. तुरमुरीची मलप्रभा जाधव विसरलात काय? २०१८ च्या जकार्ता एशियन गेम्सला कुराशमध्ये ५२ किलोला कांस्य मेडल आणलं तिनं. कुराश म्हणजे उझबेकिस्तानकडचा खेळ, जॅकेट धरून पाडायचं, एशियाडला पहिल्यांदाच त्या वर्षी आला होता. त्याच गटात पिंकी बल्हाराला चांदी मिळाली. मलप्रभा मूळची ज्युदोची. तुरमुरीसारख्या गावातल्या शेतकऱ्याच्या घरची पोरगी एशियाडच्या पोडियमवर उभी राहिली कारण ज्युदो शिकायला बेळगावात जागा होती, शिकवणारं माणूस होतं. पोरगी काय आभाळातून पडली नव्हती. अशा अजून किती असतील, नुसती वीस किलोमीटरवर मॅट नाही म्हणून चुलीपुढं बसलेल्या.

कोल्हापूरकडं बघा. तेजस्विनी सावंत २०१० ला नेमबाजीत वर्ल्ड चॅम्पियन झाली, राही सरनोबतनं २०१८ च्या एशियाडला सोनं मारलं, आणि पॅरिसला राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेनं ५० मीटर रायफल थ्री पोझिशनला कांस्य आणलं, ४५१.४ गुण, त्या प्रकारात भारताचं पहिलंच ऑलिंपिक मेडल. कोल्हापूर नेमबाजीसाठी कधी ओळखलं जात होतं काय? पण आधी पोरींनी रस्ता पाडला, रेंज झाल्या, दीपाली देशपांडेंसारख्या कोच मिळाल्या, मग डोंगरातल्या खेड्यातलं पोरगं पॅरिसला पोचलं. हे सगळं आपल्यापासून दोन-तीन तासांच्या अंतरावर घडलंय.

आता पुढचं बघा. २०२६ च्या ग्लासगो कॉमनवेल्थमधून कुस्ती काढूनच टाकली, ज्या कुस्तीत २०२२ च्या बर्मिंगहॅम कॉमनवेल्थला आपले बारा पैलवान गेले आणि बारांनी मेडल आणली, त्यात सहा सोनं. नेमबाजी आणि हॉकी पण नाही. म्हणजे वर्ल्ड चॅम्पियनशिपसारख्या नुसत्या कुस्तीच्या स्पर्धा सोडल्या तर कुस्तीवाल्यांना एशियाड आणि ऑलिंपिक एवढंच मोठं स्टेज उरलं. हांगझोऊच्या एशियाडला देशानं १०७ मेडल मारली, आपण स्टेटस ठेवले. आज दहा वर्षांची असलेली पोरगी २०३६ च्या ऑलिंपिकला विशीत असणार. तिला मॅट आज पाहिजे.

तर माझं कमिट्यांना हात जोडून म्हणणं एवढंच आहे. यंदाच्या वर्गणीतला चौथा हिस्सा बाजूला काढा. एका गावाला झेपत नसेल तर चार गावं मिळून एक मॅट घ्या, शाळेच्या नाहीतर समुदाय भवनाच्या हॉलमध्ये टाका. मैदानात जोड लावताना वजनकाटा ठेवा, निदान अठरा वर्षांखालच्या पोरापोरींसाठी तरी. पोरींच्या कुस्त्या संध्याकाळी सातनंतर लावा, पब्लिक भरल्यावर, आणि इनाम पोरांएवढंच द्या. वस्ताद मंडळींना पण विनंती, तुमच्या घरातली नात, पुतणी पहिल्यांदा तुम्हीच आणा, मग गाव आपोआप येतंय.

आमच्या कमिटीची मीटिंग येत्या रविवारी देवळात आहे, तिथं मी हा विषय मांडणार आहे, आणि पहिली पाच हजारांची पावती माझ्या पोरीच्या नावानं फाडणार आहे. बेळगाव, निपाणी, खानापूर, चंदगड भागात कुणी एनआयएसचा (राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा) कोचिंग कोर्स झालेल्या बाई कोच असतील, किंवा कुठल्या तालमीत वापरलेली पण चांगली मॅट निघणार असेल, तर कॉमेंटमध्ये फक्त गावाचं नाव टाका, मी स्वतः येऊन भेटतो.